बॅबिलॉन तीनदा पडलं, त्याची गोष्ट

इतिहासाची पुनरावृत्ती होते, हे आपण अग्रलेखात, भाषणात आणि चहाच्या टपरीवर इतक्यांदा ऐकतो की आता त्याचं काही वाटेनासं झालंय. १९१६ साली एका अमेरिकन दिग्दर्शकाने मात्र ही गोष्ट फारच मनावर घेतली. त्याने अडीच हजार वर्षांतल्या चार गोष्टी निवडल्या, चारींचे तुकडे केले आणि एकाच सिनेमात सगळे तुकडे एकमेकांत मिसळून टाकले. दिग्दर्शक डेव्हिड वॉर्क ग्रिफिथ, सिनेमा ‘इन्टॉलरन्स’, म्हणजे असहिष्णुता. लांबी तीन तास आणि वर काहीतरी. अर्थात मूकपट. ५ सप्टेंबर १९१६ला न्यूयॉर्कच्या लिबर्टी थिएटरात तो पहिल्यांदा लागला, तेव्हा आपल्याकडे दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ला जेमतेम तीन वर्षं झाली होती. सिनेमा ही वस्तूच नवी, आणि त्यात हा प्रयोग! लोक चक्रावले यात नवल नाही.

चार गोष्टींची एक वेणी

पहिली गोष्ट इसवी सनपूर्व ५३९ची, बॅबिलॉनच्या पाडावाची. दुसरी येशूची. तिसरी १५७२च्या ऑगस्टमधली, पॅरिसमध्ये सेंट बार्थोलोम्यूच्या सणाला कॅथलिकांनी ह्यूगेनो प्रोटेस्टंटांची कत्तल केली ती. आणि चौथी त्या वेळच्या अमेरिकेतली, गिरणीतला संप, झोपडपट्टी आणि खुनाचा खोटा आळ असलेली.

आता कुणीही शहाणा माणूस काय करेल? एक गोष्ट संपवून दुसरी सुरू करेल. ग्रिफिथ बॅबिलॉनच्या तटबंदीवरून थेट अमेरिकन कोर्टात उडी मारतो, तिथून येशूबरोबर वधस्तंभाकडे, कॅल्व्हरीच्या वाटेवर, तिथून पॅरिसच्या गल्लीत. सुरुवातीला या उड्या सावकाश असतात, मध्ये प्रेक्षकाला श्वास घ्यायला जागा ठेवलेली असते. शेवटचा अर्धा तास आला की सगळा धीर सुटतो. एक मुलगी रथ पिटाळत बॅबिलॉनला सावध करायला निघालीय, एक तरुण पॅरिसमध्ये प्रेयसीला वाचवायला धावतोय, येशू क्रूस वाहतोय आणि एक मोटार आगगाडीचा पाठलाग करतेय, कारण त्या गाडीत गव्हर्नर आहे आणि निरपराध माणसाची फाशी तोच थांबवू शकतो. रथ, मोटार, पाय, क्रूस. तुकडे आखूड होत जातात, शतकं एकमेकांवर आदळतात. चारांपैकी फक्त एकच जण वेळेवर पोचतो. कोण, ते सांगत नाही. पण ग्रिफिथ अमेरिकन होता एवढं लक्षात ठेवा.

प्रत्येक गोष्टीला वेगळी रंगछटा देण्याची योजना होती, म्हणजे गोंधळलेल्या प्रेक्षकाला निदान रंगावरून तरी कळावं की आपण कुठल्या शतकात आहोत. तरीही लोक गोंधळलेच.

चारही गोष्टींना सारखी जागा मात्र मिळालेली नाही. बॅबिलॉन आणि अमेरिका यांनी सिनेमा व्यापलाय. पॅरिसच्या वाट्याला थोडं आलं आणि येशूच्या वाट्याला तर अगदीच चतकोर.

पाळणा हलवणारी बाई

या चार गोष्टींना सांधणारं एक दृश्य पुन्हा पुन्हा येतं. अंधारात एक बाई पाळणा हलवतेय, वरून तिच्यावर उजेडाचा एकच झोत पडलाय, आणि मागे दैवाच्या तिघी देवता बसल्यात. कल्पना अमेरिकन कवी वॉल्ट व्हिटमनच्या एका कवितेवरून उचललेली. पाळणा हलवणारी ही बाई म्हणजे लिलियन गिश, ग्रिफिथची सगळ्यात मोठी तारका. एवढी मोठी नटी, आणि काम काय? बसायचं आणि पाळणा हलवायचा. तिचं सगळं चित्रण फार थोड्या वेळात उरकलं. पण पडद्यावर सबंध सिनेमाभर ती आहेच.

बाकीच्यांची तऱ्हा आणखी वेगळी. अमेरिकेच्या गोष्टीतल्या कुणालाच धड नाव नाही. नायिका म्हणजे ‘लाडकी’, नायक म्हणजे ‘पोरगा’, तिसरी ‘एकाकी’, आणि गुंड म्हणजे ‘झोपडपट्टीचा शिलेदार’. माणसं बदलतात, प्रकार तेच राहतात, असं ग्रिफिथला सुचवायचं होतं. पाट्यांवरच्या मजकुराला विनोदाची फोडणी घातली ती अनिता लूस या तरुण लेखिकेने. पुरुषांचं लक्ष वेधून घेणं जमेनासं झालं की काही बायका समाजसुधारणेकडे वळतात, अशा अर्थाची एक पाटी सिनेमात आहे. आज ती वाचून कपाळाला आठ्या पडतात, पण त्या काळी थिएटरात हशा पिकत असणार.

हत्ती हवेत म्हणजे हवेतच

आता बॅबिलॉनकडे वळू, कारण खरी मौज तिथेच आहे. लॉस एंजेलिसमध्ये सनसेट आणि हॉलिवूड हे दोन रस्ते मिळतात त्या भागात ग्रिफिथने बॅबिलॉन उभं केलं. वॉल्टर हॉल या कलाकाराने चित्रं काढली, आणि हक वॉर्टमन या मुख्य सुताराने लाकूड, प्लास्टर आणि बांबूवजा टेकूंवर ती खरी करून दाखवली. भिंतींची उंची कुणी नव्वद फूट सांगतं, कुणी तीनशे. सिनेमावाल्यांच्या फूटपट्टीवर फार विसंबू नये. पण फोटो पाहिले तर त्या भिंतींखालची माणसं मुंग्यांएवढी दिसतात, यात खोटं काही नाही.

आणि हत्ती! मागच्या पायांवर बसलेले, सोंडा उंचावलेले प्रचंड हत्ती, एकेका जाडजूड खांबाच्या माथ्यावर. बॅबिलॉनमध्ये असे हत्ती होते का? संशोधनाचं काम जोसेफ हेनाबेरी या उत्साही तरुणाकडे होतं. त्याने पुस्तकं पालथी घातली, कात्रणांची जाडजूड वही तयार केली. हत्ती कुठेही सापडले नाहीत. त्याने तसं सांगितलं. पण ग्रिफिथने १९१४चा ‘काबिरिया’ हा इटालियन भव्यपट पाहिला होता, त्यात हत्ती होते, आणि इटलीपुढे हार मानायची त्याची तयारी नव्हती. शेवटी दुसऱ्या कुणीतरी कुठल्याशा पुस्तकातून हत्तींचा एक ओझरता उल्लेख शोधून काढला आणि साहेबांचा जीव भांड्यात पडला. हत्ती चढले खांबांवर. पुढे ऐंशी वर्षं लोकांनी बॅबिलॉन म्हटलं की हत्तीच डोळ्यांपुढे आणले.

हाच हेनाबेरी ग्रिफिथच्या आधीच्या सिनेमात अब्राहम लिंकन झाला होता, आणि या सिनेमात पॅरिसच्या गोष्टीत अॅडमिरल कोलिन्यी म्हणून मारलाही गेला. एका पगारात संशोधक, नट आणि हुतात्मा.

दरबारच्या भव्य पायऱ्यांवर नाचणाऱ्या मुली रूथ सेंट डेनिस हिच्या डेनिशॉन नृत्यशाळेच्या. या बाईंनी १९०६ सालीच ‘राधा’ नावाचं नृत्य बसवून अमेरिकेत नाव कमावलं होतं, आणि पुढे १९२६मध्ये त्यांची मंडळी भारताच्या दौऱ्यावरही येऊन गेली. म्हणजे बॅबिलॉनच्या त्या नाचात थोडी राधा, थोडं इजिप्त आणि बरंचसं कॅलिफोर्निया आहे.

उंचावरून खाली, हाताने हँडल फिरवत

या सेटवरचा एक शॉट सिनेमाच्या प्रत्येक इतिहासात असतो. बॅबिलॉनचा राजपुत्र बेलशाझर याच्या दरबाराचा अख्खा चौक दूरून, उंचावरून दिसतो. मग कॅमेरा पुढेही सरकतो आणि त्याच वेळी खालीही उतरतो, आणि हळूहळू मुंग्यांची माणसं होतात. आज ड्रोनवाला मुलगा हे काम नाश्त्याआधी करून मोकळा होईल. १९१६ साली कॅमेऱ्यासाठी क्रेन नव्हती. म्हणून शंभर फुटांच्या वर उंचीचा मनोरा बांधला, त्यात वरखाली जाणारा पाळणा बसवला, मनोरा रुळांवर ठेवला आणि मजुरांनी तो ढकलला. वर कॅमेऱ्याजवळ ग्रिफिथचा छायाचित्रकार बिली बिट्झर. कॅमेरा हाताने हँडल फिरवून चालायचा, म्हणजे मनोरा पुढे जाताना, पाळणा खाली येताना, बिट्झरला एकाच लयीत हँडल फिरवत राहायचं होतं. लय चुकली की बॅबिलॉन भराभरा पळायला लागलं असतं. आधी बलूनमधून शॉट घ्यायचा प्रयत्न झाला होता, पण बलून काही स्थिर राहीना.

तटबंदीवरून कोसळणारा सैनिक दाखवताना ग्रिफिथने आणखी एक गंमत केली. चित्राच्या दोन्ही बाजू काळ्या करून टाकल्या आणि पडद्यावर फक्त उभी पट्टी ठेवली, पडण्याची उंची जाणवावी म्हणून. मोबाइलवर उभे व्हिडिओ पाहणाऱ्या आजच्या पिढीला हे अजिबात नवं वाटणार नाही.

खापराच्या नादात राज्य गेलं

माझा सगळ्यात आवडता प्रसंग मात्र लढाईचा नाही. बॅबिलॉनचा म्हातारा राजा नबोनिडस (बेलशाझर त्याचा मुलगा) एकदा अत्यंत खुशीत येतो. कशासाठी? जुन्या देवळाच्या पायात खणताना त्याला नराम-सिन या राजाची वीट सापडलीय, तीही ३,२०० वर्षांपूर्वीची! ही बातमी तो कौतुकाने सांगतो, आणि मग जाता जाता, अरे हो, तो पर्शियाचा सायरस सैन्य घेऊन निघालाय म्हणे, असंही सांगून टाकतो.

हा ग्रिफिथचा विनोद वाटेल, पण ते खरंच आहे. नबोनिडसने कोरून घेतलेल्या मातीच्या दंडगोलावर नराम-सिनच्या पायाचा आणि ३,२०० वर्षांचा हिशेब लिहिलेला आहे. (त्याचा हिशेब चांगलाच दीड हजार वर्षांनी चुकला होता, पण उत्साहाला तोड नव्हती.) त्याची मुलगी एनिगाल्दी हिचं उर शहरात जुन्या वस्तूंचं संग्रहालयच होतं, पुरातत्त्वज्ञ लिओनार्ड वूलीने १९२५मध्ये ते खणून काढलं, शेजारी माहितीची पाटी म्हणून वापरलेल्या मातीच्या लेखासकट. अडीच हजार वर्षांपूर्वीचे लोक त्यांच्याही कित्येक शतकं आधीची खापरं गोळा करत होते. काळाच्या चक्राबद्दल ग्रिफिथच्या पाळण्याने सांगितलं नाही एवढं ही एक वीट सांगते.

आणि सायरस? सिनेमात तो सरळसरळ खलनायक. मंदिरातले पुजारी फितूर होतात, दरवाजे उघडतात, मेजवानीत रमलेलं शहर पडतं. इतिहासातला सायरस मात्र सहिष्णू राजा म्हणून ओळखला जातो. ज्यूंना बंदिवासातून मायदेशी जाऊ दिलं म्हणून बायबलसुद्धा त्याचे गोडवे गातं. त्याचा प्रसिद्ध दंडगोल १८७९मध्ये हॉर्मुझ्द रस्साम या मोसुलच्या पुरातत्त्वज्ञाने खणून काढला, आणि सिनेमाची पाटी नेमका याच उत्खननांचा हवाला देते. पुरावा एक, निकाल उलटा! हा दंडगोल ब्रिटिश म्युझियममधून मुंबईतही आला होता, २०१३च्या डिसेंबरात, छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात. मुंबईच्या पारशी घरांत पिढ्यान् पिढ्या मुलांचं नाव सायरस ठेवलं जातं. त्यांच्यापुढे हा सिनेमा दाखवायचा तर जरा जपूनच.

बाजार, चित्र आणि किंमत

सिनेमात बॅबिलॉनच्या लग्नबाजाराचं दृश्य आहे. उपवर मुलींचा लिलाव होतो, देखण्या मुलींवर बोली चढते आणि तो पैसा रूपाने डाव्या मुलींना हुंडा म्हणून दिला जातो. कल्पना ग्रीक इतिहासकार हेरोडोटसची. पण चौकट सरळ सरळ उचलली ती इंग्रज चित्रकार एडविन लाँग याच्या १८७५च्या चित्रावरून. त्या चित्रात पुढे ओळीने बसलेल्या मुलींचा क्रम पाहा, सौंदर्याच्या उतरत्या भाजणीत लावल्यासारखा. १८८२मध्ये हे चित्र ६,६१५ पौंडांना विकलं गेलं, हयात ब्रिटिश चित्रकाराच्या चित्राला तोवर मिळालेली विक्रमी किंमत. घेणारा थॉमस होलोवे, पेटंट गोळ्या विकून श्रीमंत झालेला. आणि बायकांच्या लिलावाचं हे चित्र त्याने लावलं कुठे? त्याने स्वतः मुलींसाठी काढलेल्या कॉलेजात! तिथे ते आजही आहे.

लढाईच्या दृश्यांत बॅबिलॉनकर एक चालतं, आग ओकणारं यंत्र शत्रूवर सोडतात. चाकांवरचा किल्लाच. सिनेमा लागला ५ सप्टेंबरला. १५ सप्टेंबरला फ्रान्समध्ये सोमच्या रणांगणावर ब्रिटिशांनी जगातला पहिला रणगाडा उतरवला. मध्ये दहा दिवस.

तीन दोऱ्या

भव्यतेच्या धुराळ्यात अमेरिकेची गोष्ट झाकली जाते, आणि हे तिच्यावर अन्यायाचं आहे. खरं तर सगळ्यात आधी शूट झाली ती तीच, १९१४मध्ये, ‘द मदर अँड द लॉ’ नावाचा स्वतंत्र छोटा सिनेमा म्हणून. बाकीची तीन शतकं नंतर चिकटली.

यातली सामग्री वर्तमानपत्रांतून आली होती. दानधर्माचा गाजावाजा करणारा गिरणीमालक त्या खर्चासाठी मजुरी दहा टक्के कापतो, संप होतो, गोळ्या चालतात. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये कोलोरॅडोतल्या लडलो इथे रॉकफेलर कुटुंबाच्या मालकीच्या कोळसा कंपनीत संपकऱ्यांच्या तंबूंवर हल्ला होऊन बायका-मुलांसह वीसेक जीव गेले होते, आणि रॉकफेलर फाउंडेशन आदल्याच वर्षी स्थापन झालेलं. प्रेक्षकांना नाव सांगायची गरज नव्हती.

मग कोर्ट. नवऱ्यावर खुनाचा खोटा आळ, निकाल यायचाय, आणि कॅमेरा नायिका मे मार्श हिचा चेहरा सोडून तिच्या हातांवर जातो. एकमेकांत गुंतलेली, पिळवटणारी बोटं. संवाद नाही, अश्रूही नाहीत, फक्त बोटं. हातांचा एवढा जवळून घेतलेला शॉट लोकांनी क्वचितच पाहिला असेल.

आणि फाशीची रंगीत तालीम! तीन जल्लाद, तिघांपुढे तीन ताणलेल्या दोऱ्या, तिघांच्या हातात सुऱ्या. इशारा मिळाला की तिघांनी एकदम दोरी कापायची. पण तीनांतली एकच दोरी फळी उघडते. कुठली, ते तिघांनाही माहीत नाही. म्हणजे घरी जाऊन प्रत्येकाने समजायचं की तो मी नव्हेच. ग्रिफिथने हे इतक्या सावकाशीने दाखवलंय की आपलाच गळा आवळतो. अन्याय करायचा आणि हात मात्र स्वच्छ ठेवायचे, याचं याहून चांगलं चित्र मला दुसऱ्या कुठल्या सिनेमात दिसलेलं नाही.

गर्दीत कोण कोण होतं

जुने सिनेमे पाहण्यात एक मजा असते, पुढे मोठे झालेले चेहरे ओळखण्याची. बॅबिलॉनचा महाबली योद्धा, तलवारीच्या फटक्यात मुंडकी उडवणारा, तो एल्मो लिंकन. दोन वर्षांनी, १९१८मध्ये, तो पडद्यावरचा पहिला टारझन झाला. सेटवर पळापळ करणारा एक सहायक डब्ल्यू. एस. व्हॅन डाइक, त्याने १९३२मध्ये ‘टारझन द एप मॅन’ दिग्दर्शित केला. दुसरा सहायक टॉड ब्राउनिंग, त्याचा १९३१चा ‘ड्रॅक्युला’ आजही पाहिला जातो. तिसरा एरिक फॉन श्ट्रोहाइम, पुढचा मोठा दिग्दर्शक आणि १९५०च्या ‘सनसेट बुलेव्हार्ड’मधला बटलर. बॅबिलॉनचा सेटही सनसेट बुलेव्हार्डवरच होता, हे मी मुद्दाम सांगतोय.

पॅरिसमध्ये प्रेयसीसाठी जीव टाकणारा शेलाटा तरुण यूजीन पॅलेट आहे. आणि १९३८च्या ‘द अॅडव्हेंचर्स ऑफ रॉबिन हूड’मधला तो गोलमटोल, घोगऱ्या आवाजाचा फ्रायर टक? तोही यूजीन पॅलेटच.

बॅबिलॉनची रांगडी ‘डोंगरातली मुलगी’ झालेली कॉन्स्टन्स टॉल्मॅज हिने पॅरिसच्या गोष्टीत राजकन्येची भूमिकाही केली, वेगळ्या नावाने. पुढच्याच वर्षी फाळक्यांच्या ‘लंकादहन’मध्ये अण्णा साळुंक्यांनी राम आणि सीता दोन्ही केले. दुहेरी भूमिकेच्या शर्यतीत आमचा नंबर वरचा!

आधीच्या सिनेमाचं काय?

इथे जरा थांबायला हवं. ग्रिफिथचा आधीचा सिनेमा १९१५चा ‘द बर्थ ऑफ अ नेशन’. त्यात कू क्लक्स क्लॅन या गोऱ्यांच्या दहशती टोळीला त्याने नायक केलं आणि काळ्या माणसांना राक्षस. कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एनएएसीपी या संघटनेने गावोगाव निदर्शनं केली. त्याच वर्षी जॉर्जियातल्या स्टोन माउंटनवर क्लॅनचं पुनरुज्जीवन झालं. आता पुष्कळ जण म्हणतात की ‘इन्टॉलरन्स’ म्हणजे त्या पापाची माफी. मला हे अजिबात पटत नाही. ग्रिफिथने १९१६मध्ये अभिव्यक्तिस्वातंत्र्यावर एक पुस्तिका काढली, तीत त्याचा राग बंदी घालणाऱ्यांवर आहे, स्वतःवर नाही. त्याच्या लेखी असहिष्णू कोण, तर त्याच्या सिनेमाला विरोध करणारे! अडीच हजार वर्षांचा इतिहास हिंडून आलेल्या माणसाला शेजारच्या वस्तीतला अन्याय दिसला नाही. कारागीर म्हणून त्याला शंभर गुण द्या, इतिहासाचा शिक्षक म्हणून मी काठावरही पास करणार नाही.

हिशेब

जाहिरातीत खर्च वीस लाख डॉलर सांगितला गेला. नंतर कागदपत्रांत आकडा निघाला ३,८५,९०७. तरीही त्या काळी तो अफाटच होता. सुरुवातीला गर्दी झाली, मग ओसरली. एप्रिल १९१७मध्ये अमेरिका महायुद्धात उतरली, आणि शेवटच्या दृश्यात सैनिक शस्त्रं टाकतात, तुरुंगाच्या भिंती विरून तिथे फुलांचं रान उगवतं, असा शांतीचा संदेश देणाऱ्या सिनेमाला देशात कुणी विचारेना. ग्रिफिथ पुढे कित्येक वर्षं देणी फेडत होता. वसुलीसाठी १९१९मध्ये त्याने सिनेमा पुन्हा कापला आणि अमेरिका व बॅबिलॉन असे दोन वेगळे सिनेमे बाजारात आणले. बॅबिलॉनच्या नव्या आवृत्तीत मूळ सिनेमात मेलेली डोंगरातली मुलगी चक्क जिवंत राहते आणि तिला नवराही मिळतो. तिकीटबारीपुढे इतिहास काय चीज आहे!

अमेरिकेने टाकलेला सिनेमा रशियाने डोक्यावर घेतला. क्रांतीनंतर तिथे तो जोरात चालला, आणि फिल्मच्या तुटवड्यात दिवस काढणाऱ्या तरुण दिग्दर्शकांनी तो अभ्यासक्रमासारखा घोटला. रसायनशास्त्राकडून सिनेमाकडे वळलेल्या पुदोव्हकिनला यातूनच दिशा मिळाली. त्यांच्यातल्याच आयझेनस्टाइनने पुढे १९४४च्या निबंधात ग्रिफिथला गुरू मानलं आणि याच सिनेमाला झोडपलंही. चार गोष्टी शेजारी ठेवल्या, पण त्यांतून एक विचार काही तयार झाला नाही, असा त्याचा आक्षेप. शिष्याने बरोबर दुखऱ्या जागी बोट ठेवलं.

नक्कल करणारेही निघाले. डेन्मार्कच्या कार्ल ड्रायरने सैतानाला चार शतकांत फिरवलं. विनोदवीर बस्टर कीटनने १९२३मध्ये ‘थ्री एजेस’मध्ये अश्मयुग, रोम आणि अमेरिका घेऊन ग्रिफिथची रेवडी उडवली, सिनेमा पडलाच तर कापून तीन छोटे विनोदी पट विकता येतील, अशी त्याची तरतूद होती. त्यात एका इमारतीवरून दुसरीवर मारलेली कीटनची उडी खरोखर चुकली, तो खाली पडला, आणि पठ्ठ्याने तो शॉट तसाच ठेवून पुढची गंमत त्यावर रचली. २०१२चा ‘क्लाउड अॅटलस’ तर सहा काळ घेऊन आला.

आणि तीन पाडाव

पहिला पाडाव इसवी सनपूर्व ५३९चा. दुसरा लॉस एंजेलिसचा. चित्रीकरण संपलं, पण सेट उतरवायला पैसे कुठे होते? बॅबिलॉन भररस्त्यात तसंच उभं राहिलं, प्लास्टर गळत, रंग उडत. अग्निशमन खात्याने धोका म्हणून बोट दाखवलं, आणि १९१९च्या सुमारास ते पाडलं गेलं. त्या जागेवर १९२३मध्ये व्हिस्टा नावाचं थिएटर उभं राहिलं. सध्या ते क्वेंटिन टॅरँटिनोच्या मालकीचं आहे.

तिसरा पाडाव ताजा. २००१मध्ये हॉलिवूडमध्ये एक मोठा मॉल उघडला आणि त्याच्या चौकात ग्रिफिथच्या हत्तींच्या प्रतिकृती खांबांवर चढल्या, हेनाबेरीला कधीच न सापडलेले तेच हत्ती. पर्यटकांनी वीस वर्षं त्यांच्याखाली फोटो काढले. मग मॉलचं नूतनीकरण निघालं, ग्रिफिथच्या वर्णद्वेषाचाही विषय आला, आणि २०२१मध्ये हत्ती खाली उतरले. त्याआधी १९९९मध्ये अमेरिकेच्या दिग्दर्शक संघटनेने आपल्या सर्वोच्च पुरस्कारावरून ग्रिफिथचं नाव काढलंच होतं.

‘एल. ए. नॉयर’ या २०११च्या व्हिडिओ गेममध्ये मात्र बॅबिलॉनचा सेट अजून उभा आहे, आणि तोही १९४७ सालच्या लॉस एंजेलिसमध्ये, म्हणजे पाडल्यानंतर पाव शतकाहून जास्त काळाने.

अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट यादीत १९८९मध्ये पहिले पंचवीस सिनेमे निवडले गेले, त्यांत ‘इन्टॉलरन्स’ होता. त्याचे हक्क केव्हाच संपलेत, नेटवर तो फुकट मिळतो. कार्ल डेव्हिसचं संगीत असलेली प्रत मिळाली तर तीच घ्या, उगाच पियानो बडवलेल्या प्रती पुष्कळ आहेत. तीन तास काढता येत नसतील तर निदान फाशीच्या तालमीपासून पुढचा भाग पाहा, मोबाइलवर नको, जरा मोठ्या पडद्यावर.